चकाकीचा परवाना

हिंदी सिनेमाच्या एका जमान्यात खलनायकाचा हुद्दा त्याच्या पिस्तुलावरून कळायचा. पोती उचलणारे, दारात उभे राहणारे गुंड काळ्या पिस्तुलावर भागवायचे. रेशमी गाऊन घालून, हातात पेला धरून गोल जिन्यावरून खाली उतरायच्या पदाला जो पोचला, त्यालाच चंदेरी रिव्हॉल्व्हर मिळायचं. ते चांदीचंच असतं अशी माझी पक्की समजूत होती. सोन्याच्या बिस्किटांचा धंदा करणाऱ्याला ते शोभायचंही. पुढे आमच्या मामांचं रिव्हॉल्व्हर जवळून पाहिलं तेव्हा कळलं, की ती चांदी नव्हे, निकेलचा मुलामा आहे. आणि मामांना जवळून पाहिलं तेव्हा कळलं, की निकेलचं रिव्हॉल्व्हर बाळगणाऱ्याला वेगळा शत्रू लागत नाही. एक पिवळं फडकं आणि एक रिकामा रविवार पुरतो.

मुळात ही चमक कुणाला दिपवायला आलेली नव्हती. एकोणिसाव्या शतकात बंदुकीत काळी दारू भरत. ती जळाली की निम्म्याहून अधिक ऐवज राख आणि काजळी होऊन मागे उरतो. ही काजळी हवेतली ओल ओढून घेते. संध्याकाळी बार काढून रात्री आळस केला, तर सकाळी पोलादावर तांबूस पुरळ उठलेलं दिसतं. त्यावर उपाय म्हणून निकेल आलं. बोस्टनच्या आयझॅक अ‍ॅडम्स (धाकटे) यांना निकेलच्या विद्युत-मुलाम्याचं पेटंट मिळालं ते १८६९ साली. त्याच साली आपल्या खडकीत दारूगोळ्याचा कारखाना उभा राहिला. पोलाद वाचवायची आणि पोलाद काळं करायची अशा दोन्ही सोयी जगाने एकाच वर्षात करून ठेवल्या. मामांची काडतुसं या खडकीचीच. पुंगळीच्या बुडावर ‘केएफ’ अशी अक्षरं असतात. नात्यातल्या पुण्याच्या पाहुण्यांना मामा ती आवर्जून दाखवतात. पुण्यात काहीतरी चांगलं बनतं हे पुणेकरांना आधीच माहीत असल्यामुळे त्यांच्यावर फारसा परिणाम होत नाही.

गंजापासून बचाव म्हणून आलेली ही चमक पाहता पाहता मिरवायची वस्तू झाली. अमेरिकेच्या पश्चिम भागात बॅट मास्टरसन नावाचा एक माजी शेरीफ होता. त्याने १८८५ साली डॉज सिटीतल्या एका गुत्त्याच्या लेटरहेडवर कोल्ट कंपनीला पत्र लिहून रिव्हॉल्व्हर मागवलं. नळी आखूड हवी, टोकाची माशी जरा उंच आणि जाड हवी, आणि मुलामा निकेलचा हवा. एवढा नावाजलेला नेमबाज, पण तो गोळीने मेला नाही. उतारवयात न्यूयॉर्कच्या एका दैनिकात मुष्टियुद्धावर सदर लिहू लागला आणि १९२१ साली कचेरीत टेबलाशी बसल्या बसल्या गेला. बंदुकांना जे जमलं नाही ते सदरलेखनाने करून दाखवलं. ही माहिती मी आमच्या संपादकांना मुद्दाम कळवून ठेवली आहे.

मामांचं रिव्हॉल्व्हर आजोबांच्या वेळचं, अमेरिकन, .३२ बोअरचं, सहा काडतुसांचं. आजोबांनी परवाना मागताना उसात रानडुकरं शिरतात असं कारण दिलं होतं. रानडुक्कर रिव्हॉल्व्हरच्या टप्प्यात येईपर्यंत माणूस रानडुकराच्या टप्प्यात केव्हाच आलेला असतो, ही गोष्ट अर्ज लिहिणाऱ्याने आणि अर्ज मंजूर करणाऱ्याने एकमताने नजरेआड केली. १९८०च्या दशकात सरकारने खासगी शस्त्रांची आयात जवळजवळ बंद केली. त्यानंतर जी परदेशी रिव्हॉल्व्हरं देशात होती तेवढीच राहिली आणि त्यांचे भाव लाखांत गेले. त्यामुळे मामांच्या घरातली सगळ्यात महाग वस्तू ही सगळ्यात निरुपयोगी वस्तूही आहे. गुंठ्यांचे दर वाढण्याआधी हा मान मामांच्या थोरल्या जावयाचा होता.

निरुपयोगी अशासाठी म्हणायचं, की मामांनी ते कधी झाडलेलं कुणी पाहिलेलं नाही. डुकरांनी उसाकडे पाठ फिरवली, ती कारखान्याने थकवलेल्या बिलांमुळे असं मामा म्हणतात. लग्नात बार काढावा तर २०१९च्या दुरुस्तीने त्याला दोन वर्षांपर्यंत कैद किंवा लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही ठेवलेलं आहे; म्हणजे वरातीतून थेट दुसऱ्या सासरी. मग शौर्य जावं कुठे? ते फडक्यात उतरतं. मामांच्या पिढीतले पुष्कळ परवानाधारक असे आहेत, की त्यांनी शस्त्र चालवलं नाही, पण पुसलं आहे. आणि पुसलंही असं, की समोर शत्रू असता तर तो झिजून मेला असता.

यात एक गंमत कायद्याने करून ठेवली आहे. परवाना ज्याच्या नावावर, शस्त्र त्याच्याच ताब्यात. ते दुसऱ्या कुणाच्या हाती सोपवून, ‘जरा घासून ठेव गं’ असं म्हणून गावात जायची सोय नाही. म्हणजे शस्त्र अधिनियम, १९५९ हा माझ्या माहितीतला असा एकमेव कायदा आहे, ज्यामुळे मराठी पुरुषाला घरातली एक तरी वस्तू स्वतःच्या हाताने साफ करावी लागते. मामी हे पाहुण्यांना कौतुकाने सांगतात. “पाणी प्यायलेला तांब्या उचलत नाहीत हो कधी. पण ते बघा कसे बसलेत, जावळ काढलेल्या नातवाच्या डोक्यावरून फिरवावा तसा हात फिरवतात.”

साफसफाईची पहिली पायरी म्हणजे रिव्हॉल्व्हर रिकामं करणं. हे वाचून कुणी हसेल, पण ‘साफ करताना गोळी सुटली’ ही बातमी वर्तमानपत्रात नेमाने येते. ती वाचताना एक प्रश्न मला नेहमी पडतो. भरलेलं रिव्हॉल्व्हर साफ करायला माणूस घेतो कशाला? घोटभर चहा कपात ठेवून कप विसळायला आपण कधी घेतो का? नुसतं साफच कशाला, ठेवता-उचलताना सुद्धा घात होतो. १ ऑक्टोबर २०२४च्या पहाटे अभिनेते गोविंदा यांच्या हातून त्यांचं परवान्याचं रिव्हॉल्व्हर निसटलं आणि गोळी त्यांच्याच पायात शिरली. ते बरे झाले, हे आपलं सगळ्यांचं नशीब. जुन्या धाटणीच्या रिव्हॉल्व्हरमध्ये घोडा जिवंत काडतुसावर टेकलेला असला आणि ते खाली पडलं, तर चापाला हात न लावताही बार होऊ शकतो. म्हणून पूर्वीचे जाणते लोक सहाच्या चक्रात पाचच काडतुसं भरत आणि घोड्याखालचं घर रिकामं ठेवत. मामा त्यांच्याही पुढे गेले आहेत. ते सहाही घरं रिकामी ठेवतात, काडतुसं वेगळ्या खोलीतल्या कपाटात ठेवतात आणि त्या कपाटाची किल्ली कुठे आहे हे विसरतात. सुरक्षिततेचा याहून वरचा दर्जा संरक्षण खात्यालाही गाठता येणार नाही.

आता खरा विषय. निकेल हा मुलामा आहे, गाभा नव्हे. आपल्या भांड्याला कल्हई असते तशीच ही रिव्हॉल्व्हरची कल्हई समजा. फरक एवढाच, की कल्हई उडाली तर दारावरून जाणाऱ्याला हाक मारता येते, इथे येत नाही. या मुलाम्याची जाडी मायक्रॉनमध्ये मोजायची, माणसाच्या केसाहून कितीतरी कमी. घासून आलेली प्रत्येक नवी झळाळी ही त्या थरातून काढलेली उचल असते. मामांनी वर्षानुवर्षं उचल घेतली. नळीच्या टोकाशी आणि चक्राच्या कडांना आता पोलाद डोकावतं. मामा त्याला ‘जुनेपणाचं तेज’ म्हणतात. निकेल पोलादापेक्षा गंजाला जास्त निबर असल्यामुळे, जिथे ते फाटतं तिथलं उघडं पोलाद उलट अधिक वेगाने गंजतं. म्हणजे अर्धवट मुलाम्यापेक्षा मुलामा नसलेला परवडला.

आणि या थराखाली अजून एक थर असतो, तो बहुतेकांना ठाऊकच नसतो. जुन्या कामात पोलादावर पुष्कळदा आधी तांब्याचा हात देत आणि त्यावर निकेल चढवत. इथे घात करायला तीव्र वासाची एक बाटली येते. नळी साफ करायच्या काही द्रावणांत अमोनिया असतो. तो घालण्यामागे हेतू सरळ आहे. रायफलच्या गोळीला तांब्याचं कवच असतं, ते नळीत घासून चिकटतं, आणि अमोनिया ते तांबं विरघळवतो; फडक्यावर निळा रंग उतरतो आणि मालकाचा ऊर भरून येतो. पण मामांच्या .३२ची गोळी साध्या शिशाची. नळीत तांबं औषधालाही नाही. मग ते द्रावण तांबं शोधत फिरतं, निकेलला कुठे ओरखडा, कुठे सुईच्या अग्राएवढं भोक सापडलं की त्यातून खाली उतरतं, आणि तिथलं तांबं खाऊन टाकतं. वरचं निकेल निराधार होतं आणि एक दिवस पापुद्र्याने सुटतं. मामांच्या मुठीजवळ असा एक पापुद्रा सुटलेला आहे. त्याचा आकार साधारण गोव्यासारखा. मामा दर वर्षी तो मोजतात. आता त्यात थोडा सिंधुदुर्गही आला आहे.

पितळेची समई, घंटा, दाराच्या कड्या चकचकीत करायची जी द्रावणं घराघरांत असतात, त्यांतही बऱ्याचदा हाच अमोनिया असतो आणि सोबत घासायला बारीक पूडही. म्हणजे एकाच बाटलीत वरून रंधा आणि खालून सुरुंग. मामींनी समईला वापरून उरलेली अशी एक बाटली मोठ्या मनाने देऊ केली होती. तेवढ्या एका बाबतीत मामांनी नवरेपणाचा अधिकार वापरला.

शेजाऱ्यांकडे सल्ल्यांची कधीच टंचाई नसते. एकाने चिंच सुचवली. एकाने रांगोळी. निवृत्त मुख्याध्यापकांनी टूथपेस्ट सांगितली आणि पुरावा म्हणून स्वतःचे दात दाखवले. ते कवळीचे होते. चिंचेचं आम्ल, रांगोळीची खर आणि टूथपेस्टमधली पूड, तिन्हींचा निकेलशी उभा दावा आहे. तेलाच्या बाबतीत तर आमच्याकडे एकच तेल आहे असं समजण्याची पद्धत आहे. केसाला खोबरेल, सांध्याला खोबरेल, बिजागरीला खोबरेल, मग रिव्हॉल्व्हरलाही खोबरेल. आमच्या भागात जानेवारीच्या सकाळी बाटलीतलं खोबरेल थिजतं, तसं चक्राच्या आतलंही थिजलं. रानडुक्कर आलंच असतं तर त्याला ऊन वर येईपर्यंत थांबायची विनंती करावी लागली असती. खरं तर शिवणयंत्राचं पातळ तेल घरात होतं, आणि ते या कामाला उत्तम. पण यंत्र मामींचं असल्यामुळे ते मागायचं कसं हा प्रश्न होता.

वर्षभर मामा जे टाळतात ते सगळं खंडेनवमीला एका तासात घडतं. पाटावर विळी, कोयता, पाने-पकडी, नातवाचा लॅपटॉप आणि मधोमध रिव्हॉल्व्हर अशी मांडणी होते. बाहेर ट्रॅक्टरला झेंडूची माळ. मग रिव्हॉल्व्हरवर पाणी शिंपडायचं, गंधाचं बोट ओढायचं, हळद-कुंकू वाहायचं, अक्षता टाकायच्या, आणि कोयत्याने नारळ फोडून त्याचं पाणी सगळ्यांवर समान उडवायचं. लोकशाही या घरात एवढ्या एका बाबतीत आहे. ओलं कुंकू चक्राच्या खाचांत, घोड्याच्या बुडाशी, स्क्रूच्या चिरेत जाऊन बसतं आणि ओल धरून ठेवतं. दसऱ्याच्या सकाळी मामा टाचणी घेऊन बसतात. लोक सोनं वाटत असतात, मामा कुंकू उकरत असतात.

“अहो, देवीच्या कुंकवाने कुठं गंज चढतो का?” मामींचा दर वर्षीचा प्रश्न.

“देवीच्या नाही चढत. त्यातल्या पाण्याने चढतो.”

“मग ट्रॅक्टरला कसा नाही चढत?”

ट्रॅक्टरलाही चढलेला आहे, पण तो भाऊबंदांत सामाईक असल्यामुळे मामांनी तिकडे पाहायचं सोडून दिलं आहे.

दुसरा सण निवडणूक. आचारसंहिता लागली की शस्त्र पोलीस ठाण्यात जमा करा अशी नोटीस मामांना येते. विधानसभा झाली की लोकसभा, ती झाली की जिल्हा परिषद. गावात कुणी मामांच्या मतालाही घाबरत नाही, पण त्यांच्या रिव्हॉल्व्हरमुळे मतदान निर्भय वातावरणात होणार नाही असं प्रशासनाला वाटतं. मामांना हा मान वाटतो. जाताना ते रिव्हॉल्व्हर चामड्याच्या जुन्या म्यानात घालून नेतात, आणि तिथेच चूक होते. चामडं कमावताना वापरलेली आम्लं आणि क्षार त्यात उरलेले असतात, शिवाय चामडं दमट हवा धरून ठेवतं. म्यान कमरेला लावून चालायला चांगलं. त्यात शस्त्र महिना-महिना झोपवायला नाही. ठाण्यात तर ते बाहेर काढून फिरवलंही जातं. “काका, चांदीचं आहे का हो?” असं विचारत नवा हवालदार पाहतो, मग जुना पाहतो, मग चहावाला पाहतो. घामात मीठ असतं आणि मिठाचं निकेलशी पटत नाही. परत येतं तेव्हा त्यावर अख्ख्या ठाण्याच्या बोटांचे ठसे असतात. कुठलाही गुन्हा न घडलेल्या शस्त्रावर पोलिसांचेच ठसे, हे चित्र मामांच्या रिव्हॉल्व्हरवर दर निवडणुकीला पाहायला मिळतं.

एवढं सगळं झाल्यावर मामांच्या मनात आलं की नवा मुलामाच चढवून घ्यावा. तालुक्याला बुलेटचे मडगार्ड आणि सायलेन्सर क्रोम करून देणारा एक कारागीर आहे. तो म्हणाला, “द्या की. दोन दिवसांत आरशासारखं करून देतो. सोबत हॅन्डल दिलंत तर त्याला सूट.” सुदैवाने आमच्या वकील भाच्याने वेळीच हात धरला. शस्त्र दुरुस्त करायलाही परवाना लागतो. मडगार्डवाल्याच्या हौदात ते बुडवलं तर आधी मामा आत जातील, मग मुलामा चढेल. शिवाय मुलाम्याआधी धातू आम्लात धुतात, तेव्हा पोलादात हायड्रोजन शिरतो आणि कमानी ठिसूळ होतात. त्या काढून न ठेवता किंवा नंतर भट्टीत नीट न तापवता काम केलं, तर एखाद्या दिवशी घोडा ओढायला जावं आणि आतली कमान काडीसारखी मोडावी. आणि जुन्या शस्त्रांच्या शौकिनांना मूळचं झिजलेलं निकेल चालतं, नव्याने चढवलेलं चालत नाही. ते कसं ओळखतात त्याची एक खूण सांगतो. स्मिथ अँड वेसनच्या जुन्या निकेल रिव्हॉल्व्हरांत चाप आणि घोडा यांना सहसा निकेल नसे. पोलादाला ताव देताना उमटलेले निळे-तपकिरी रंग त्यांवर असत. चापही चकाकत असेल तर मधे कुणीतरी उत्साही मामा होऊन गेले असं समजायचं.

मग करायचं काय? करायचं फार थोडं, आणि तेच मामांना जड जातं. शस्त्र रिकामं आहे हे डोळ्यांनी आणि बोटाने, दोनदा पाहायचं. नळीत निकेल बहुधा नसतंच, तिथे ब्रश चालतो. पण द्रावणाच्या बाटलीवर अमोनिया नाही याची खात्री करायची आणि बाहेर ओघळलेला थेंब लगेच टिपायचा. चक्राच्या तोंडाशी बार काढल्यावर काळी वलयं येतात. ती येऊ द्यायची. ती घालवायच्या नादात निकेल गेलेली रिव्हॉल्व्हरं जगात भरपूर आहेत, वलयांमुळे वाया गेलेलं एकही नाही. बाहेरून मऊ सुती कापडाला पातळ तेलाचं बोट लावून एक हात फिरवायचा, वाटल्यास त्यावर खरखर नसलेल्या मेणाचा हलका थर. चामड्यात नाही, प्लास्टिकच्या पिशवीत नाही. कोरड्या कुलूपबंद पेटीत, सिलिका जेलच्या पुड्यांसोबत. कोकणात राहणाऱ्यांनी त्या पुड्या पावसाळ्यात दोनदा बदलायच्या. जुन्या निकेलवर दुधासारखी जी फिकट साय धरते, ती तशीच राहू द्यायची. तो त्याचा स्वभाव आहे. निकेलचा उजेड क्रोमसारखा निळसर थंड नसतो, जरा पिवळसर, उबदार असतो, आणि त्या सायीखालून तो जास्त छान दिसतो असं माझं मत आहे. मामांचं तसं मत नाही. ते रविवारी दुपारी फडकं घेऊन बसतात ते बसतातच.

तेव्हा ज्यांच्या घरी असा निकेलचा वारसा आहे त्यांना एवढीच विनंती: फडकं लपवून ठेवा. आणि खंडेनवमीला हळद-कुंकू वाहायचंच असेल तर शस्त्राच्या परवान्यावर वाहा. त्याचं दर पाच वर्षांनी नूतनीकरण होतं. निकेलचं होत नाही.